मागच्या खांबांपाशी

एक चेहरा मनात आणा. नायकाचा नको, नायिकेचाही नको. ज्याच्यासाठी तुम्ही कधी तिकीट काढलं नाही, पण जो पडद्यावर दिसला की घरातलं कुणीतरी हमखास म्हणतं, ‘अरे, हा तो!’ असा एखादा. वकील, मास्तर, पुढारी, नायिकेचा मामा, इस्पितळातला डॉक्टर. नावाच्या मागे लागू नका. आलं तर येऊ दे, नाही आलं तर राहू दे. नुसता चेहरा धरून ठेवा आणि त्याचे डोळे कुठे लागलेत तेवढं बघा.

बहुतेक वेळा ते समोरच्या माणसाकडे लागलेले असतात.

आजचं मनन या बघण्यावर आहे. त्यासाठी कार्ल्याला जाऊ या. जमलं तर खरोखर, नाही तर मनानं. पुण्याहून लोणावळा लोकल धरलीत तर कामशेतनंतर मळवली येतं. स्टेशनाच्या एका अंगाला भाजे, लोहगड, विसापूर. दुसऱ्या अंगाला जुना महामार्ग ओलांडून कार्ल्याचा डोंगर. पावसाळ्याचे दिवस धरू या. पायऱ्या ओल्या आहेत, सावकाश चढा. दोन्ही हातांना ओटीच्या सामानाची, वेण्यांची, पेढ्यांची दुकानं आहेत. एकवीरा आईच्या दर्शनाला आलेली कोळी मंडळी तुमच्यापेक्षा भराभरा चढताहेत, त्यांना वाट द्या. वर पोचलात की आधी दम खाली बसू दे. मग चैत्यगृहात या.

डोळे अंधाराला सरावेपर्यंत काही करू नका.

हळूहळू आधी छत दिसेल, त्याच्या लाकडी कमानी दिसतील. ते लाकूड लेण्याइतकंच जुनं, म्हणजे दोन हजार वर्षांच्या आसपासचं. मग खांब दिसतील. दोन्ही बाजूंना पंधरा-पंधरा. घटाची बैठक, अष्टकोनी अंग, माथ्यावर गुडघे टेकलेले हत्ती आणि हत्तींवर बसलेली स्त्रीपुरुषांची जोडपी. कित्येक खांबांवर दान देणाऱ्यांची नावं कोरली आहेत. त्यांत धेनुकाकट गावचे यवनही आहेत. परदेशी माणसांनी मावळातल्या डोंगरात एकेक खांब दिला आणि आपलं नाव मागे ठेवलं. दाराशी एका सुताराचंही नाव आहे. बघत बघत स्तूपापर्यंत जा आणि स्तूपाच्या मागच्या बाजूला नजर टाका. तिथे सात खांब आहेत. त्यांना बैठक नाही, माथा नाही, हत्ती नाहीत, जोडपी नाहीत. सरळ, साधे, अष्टकोनी. समोरून येणाऱ्याची नजर स्तूपावर ठरते, त्यांच्यापर्यंत जात नाही. पण प्रदक्षिणेची वाट त्यांच्याच मागून वळते. ते नसते तर स्तूपाला पाठ राहिली नसती.

चरित्र अभिनेत्याचं काम मला या सात खांबांसारखं वाटतं. एवढी एकच उपमा घेऊ आणि इथेच बसून एका माणसाच्या कारकिर्दीकडे बघू.

डॉ. मोहन आगाशे. जन्म १९४७, भोरचा. भोरही बारा मावळांच्या मुलखातलंच. शिक्षण पुण्यात, बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात, पेशा मनोविकारतज्ज्ञाचा. आणि पन्नासहून अधिक वर्षं नट. हिंदी, मराठी, बंगाली, इंग्रजी. रंगमंच, सिनेमा, दूरदर्शन. बहुतेक ठिकाणी दुसऱ्या कुणाच्या तरी गोष्टीत. जर्मनीशी त्यांचं नातं इतकं जुनं आणि घट्ट आहे, की २००४ साली त्या देशाचं गोएथे पदक त्यांना मिळालं. त्या नात्याकडे नंतर येऊ. आधी दोन-तीन भूमिकांपाशी नीट थांबू, कारण कारकीर्द म्हणजे यादी नव्हे, आणि यादीवरून मनन होत नाही.

श्वास मोकळा सोडा. पहिलं दृश्य मनात आणा.

१६ डिसेंबर १९७२. पुण्याचं भरत नाट्य मंदिर. ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग. तेंडुलकरांचं लेखन, जब्बार पटेलांचं दिग्दर्शन, भास्कर चंदावरकरांचं संगीत, कृष्णदेव मुळगुंदांचं नृत्य. रंगमंचावर ब्राह्मणांची एक रांग उभी आहे. ती गाते, डुलते, आणि पाठ फिरवली की भिंत होते. भिंत उघडते, मिटते, आडोसा देते, डोकावते. त्या रांगेतल्या नटांची नावं आज किती जणांना सांगता येतील? पण नाटक त्यांच्या पाठींवर उभं आहे. आणि त्या भिंतीपुढे नाना फडणवीस झालेला नट पंचविशीतला आहे, डॉक्टरकी शिकलेला.

नानाचा पाय मुरगळतो तो प्रसंग आठवा. बावन्नखणीत नाचतानाची गोष्ट. पाय टेकायला घाशीराम आपली पाठ पुढे करतो. नाना पाय ठेवतो. एका माणसाच्या पाठीवर दुसऱ्या माणसाचा पाय, एवढंच दृश्य. आता त्यात नानाचा पाय बघा. त्याला घाई नाही, माज दाखवायची हौसही नाही. पाठ तिथे असायचीच, अशा खात्रीनं तो टेकतो. सत्ता कशी असते हे कळायला मला याहून लांब भाषण लागत नाही. नाटकाचं नाव घाशीरामाचं. पण त्याला घडवतो आणि मोडतो तो नाना. १९ प्रयोगांनंतर नाटक थांबवलं गेलं, नटमंडळींनी थिएटर अकॅडमी काढून ते पुन्हा उभं केलं आणि १९८० साली विरोधाला तोंड देत ते युरोपात गेलं. पश्चिम जर्मनीतल्या प्रेक्षकांना मराठीचं अक्षर कळत नव्हतं. त्यांना भिंत कळली, पाय कळला.

हा पाय मनात थोडा वेळ राहू द्या. आपण कधी कुणाच्या पाठीवर असा टेकवला असेल तर तोही आठवू दे. स्वतःला दोष द्यायचा नाही. आठवायचं आणि पुढे जायचं.

दुसरं दृश्य मला सर्वांत जड वाटतं. ‘सद्गती’, १९८१. प्रेमचंदांची कथा, सत्यजित राय यांनी दूरदर्शनसाठी केलेला छोटा चित्रपट. ओम पुरी दुखी चांभार, स्मिता पाटील त्याची बायको. आगाशे गावचे पंडित. पंडिताचं नाव इथे घासीराम आहे. योग असा की नाना करणाऱ्या नटाच्या वाट्याला पडद्यावर ते नाव आलं.

दुखी मुलीच्या सोयरिकीचा मुहूर्त विचारायला आला आहे. पंडित त्याला कामाला लावतात. झाड, भुसा वाहून ने, हा ओंडका फोड. दुखी तापातून उठलेला, पोटात अन्न नाही. ओंडका फुटत नाही. कुऱ्हाडीचा घाव पडतो, लाकूड तसंच. आणि घरात पंडित जेवतात, मग आडवे होतात. इथे थांबा आणि त्या वामकुक्षीकडे बघा. दुसऱ्या एखाद्या नटानं या माणसाला राक्षस केला असता, डोळे वटारले असते, मग आपल्याला त्याचा राग धरणं सोपं गेलं असतं. आगाशे त्याला सोपं करत नाहीत. हा सज्जन, नीटनेटका, पोटभर जेवून सुस्तावलेला गृहस्थ आहे. आपल्याच वाड्यातला, आळीतला. क्रूरपणा त्याच्या चेहऱ्यावर शोधून सापडत नाही. तो त्याच्या सवयींत आहे.

दुखी ओंडक्यापाशी मरतो. प्रेताला हात लावायचा नाही, पण ते दारातून हलवायला तर हवं. मग पंडित काठीनं प्रेताचा पाय उचलतात, दोरीचा फास पायात अडकवतात आणि ओढत नेतात. एकटे. पावसानं भिजलेल्या मुलखातून. नटाला या दृश्यात ओढावं लागतं, खरंच वजन ओढावं लागतं. ओढणाऱ्याचा वाकलेला खांदा, ताठ झालेला हात, मध्येच घेतलेला दम. शेवटी जागा शुद्ध करायला पाणी शिंपडतात.

डोळे मिटा. त्या खांद्यावर लक्ष ठेवा.

या भूमिकेसाठी कुणी नटाला हार घालत नाही. अशा भूमिका करणाऱ्याला एक गोष्ट आधीच सोडावी लागते, ती म्हणजे आवडून घेण्याची इच्छा. नायकाला ती सोडून चालत नाही, त्याचा धंदाच तिच्यावर आहे. चरित्र अभिनेता मात्र आपला चेहरा लोकांच्या रागाला, किळसेला, कधी हसण्याला देऊन टाकतो. निळू फुल्यांनी आयुष्यभर हेच केलं. पडद्यावर बायाबापड्यांना नासवणारा पाटील. प्रत्यक्षात राष्ट्र सेवा दलाचा माणूस, सामाजिक कृतज्ञता निधीसाठी डॉ. लागूंबरोबर ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करत गावोगाव हिंडलेला. पडद्यावरच्या त्या पाटलाचा राग बायकांनी मनापासून केला, आणि तो राग ही त्यांच्या कामाची पावती होती. अशी पावती हसून घ्यायला मोठं मन लागतं.

‘जैत रे जैत’मध्ये आगाशे आणि निळू फुले एकत्र आहेत. १९७७ सालचा हा सिनेमा गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा, आणि दांडेकर म्हणजे आपल्या तळेगाव दाभाड्याचे रहिवासी. या डोंगरांतले ठाकर, धनगर, कातकरी, किल्ल्यांच्या वाटा त्यांच्या पायाखालच्या. इथे एकदा आगाशे नायक आहेत. ढोल वाजवणारा नाग्या, मधमाशी डोळ्याला डसते, डोळा जातो, आणि मग लिंगोबाच्या सुळक्यावरच्या राणीमाशीशी त्याचं वैर. स्मिता पाटील चिंधी, निळू फुले भगत. नायक असूनही त्यात एकही जागा अशी नाही की नट स्वतःला पुढे काढतोय. ढोल पुढे आहे, डोंगर पुढे आहे. कार्ल्याच्या परिसरात बसून हा सिनेमा आठवला की तो कुठे चित्रित झाला हा प्रश्न उरत नाही. असल्याच सुळक्यांचा आहे तो.

हिंदी व्यावसायिक सिनेमातले मंत्री, पोलीस अधिकारी, पुढारी मी भरकन ओलांडतो. ती कामं चोख आहेत, पण तिथे नटाकडे एकच मागणी असते. राय यांच्या फेलूदा या गुप्तहेराचं हिंदी रूप, संदीप राय यांनी दूरदर्शनसाठी केलेलं ‘किस्सा काठमांडू का’, तेवढं सोडवत नाही. त्यात आगाशे जटायू आहेत, रहस्यकथा लिहिणारे भाबडे लालमोहनबाबू. नाना आणि घासीराम पंडित यांचा चेहराच हा, आणि त्यावर तेवढंच निष्पाप अचंब्याचं हसू. डोक्यात दोन्ही शेजारी शेजारी ठेवून बघा.

आता उठा, थोडं चाला. स्तूपामागून सावकाश एक फेरी घ्या, मनानं असली तरी. आणि तोवर घाटाचा विचार करा.

पुण्यात राहून मुंबईत काम करणाऱ्या प्रत्येक नटाचं आयुष्य या घाटातून गेलेलं आहे. डेक्कन क्वीननं सकाळी खाली, संध्याकाळी वर. मुंबईचा प्रयोग संपवून निघालेली नाटकाची बस मध्यरात्र उलटल्यावर खंडाळ्याचं वळण घेते, चहासाठी थांबते, आत निम्मी मंडळी मेकपचे डाग कानामागे तसेच ठेवून झोपलेली असतात. लोणावळ्यात बंगला घेतो तो स्टार. चरित्र अभिनेता लोणावळ्याहून पुढे जातो. चित्रीकरण असलंच इथे, तर प्रॉडक्शनच्या गाडीतून भल्या पहाटे येतो, कपडे चढवतो आणि वाट बघत बसतो. ढग उतरलेत म्हणून, नायक पोचला नाही म्हणून, लाइट बदलतोय म्हणून. दिवसभर बसून दोन वाक्यं. या पेशाच्या कष्टांत बसणं सगळ्यांत मोठं, आणि त्याचे कुणी पैसे धरत नाही. अशा बसण्यात माणूस कडवट होऊ शकतो. बरेच झालेही. आगाशे यांना दवाखान्याची भाकरी होती, म्हणून भूमिका नाकारता आल्या. प्रत्येकाला तशी सोय नसते, आणि हे विसरून कुणाच्या कारकिर्दीचं मोल करू नये.

वाट बघण्यावरून जर्मन पडद्यावरचा एक माणूस आठवतो. कुर्ट बॉइस. १९०१ साली बर्लिनमध्ये जन्मलेला ज्यू. सहा-सात वर्षांचा असताना नट झाला. नाझी आले, देश सोडावा लागला, हॉलिवूडमध्ये किरकोळ कामं. ‘कॅसाब्लांका’त तो पाकीटमार आहे: परक्या शहरात आलेल्या जोडप्याला चोरांपासून जपा असं कळवळून सांगतो आणि सांगता सांगता पाकीट मारतो. मिनिटभराचं काम. १९५० साली तो बर्लिनला परतला, ब्रेख्तच्या बर्लिनर आन्साम्बलमध्ये पुंटिला झाला. आणि १९८७ साली, शहराची भिंत अजून उभी असताना, विम वेंडर्सच्या चित्रपटात म्हातारा होऊन त्याच शहरात पोट्सडामर प्लाट्झ शोधत फिरला. चौक उरलेला नाही, नुसतं माळरान आहे, त्यात एक जुनी खुर्ची. म्हातारा तिच्यावर बसतो. ज्या नटानं तो चौक लहानपणी भरलेला पाहिला होता तोच नट तो मोकळा बघतोय. ऐंशी वर्षांची कारकीर्द त्या दृश्याच्या पोटात आहे, आणि ते दृश्य मुख्य कथेतलंही नाही. पुढच्या वर्षी युरोपीय चित्रपट पुरस्कारांत सहाय्यक अभिनेत्याचं पारितोषिक त्याला मिळालं. वय ८७.

त्याच बर्लिनमध्ये हान्साप्लाट्झपाशी ग्रिप्स नावाचं बालनाट्याचं थिएटर आहे, फोल्कर लुडविग यांनी सुरू केलेलं. आगाशे यांनी ऐंशीच्या दशकात मॅक्सम्युलर भवनाच्या साहाय्यानं ते पुण्यात आणलं. ‘छान छोटे वाईट्ट मोठे’ हे नाव पुण्यातल्या त्या काळच्या पोरांना अजून पाठ असेल. श्रीरंग गोडबोले आणि त्यांच्या सोबत्यांनी ही चळवळ मराठीत रुजवली. या नाटकांत राजा-राणी, पऱ्या, चेटकिणी नाहीत. आईबाप भांडतात, घर लहान आहे, खेळायला जागा नाही, मोठी माणसं ऐकून घेत नाहीत. आणि मुलांची कामं मोठे नट करतात.

यावर थोडं रेंगाळू. तीस वर्षांचा नट आठ वर्षांची मुलगी करतो. बोबडं बोलायचं नाही, गोड व्हायचं नाही. मुलाचा राग जेवढा खरा असतो तेवढाच खरा दाखवायचा. समोर खरी मुलं बसलेली असतात आणि खोटं त्यांना पहिल्या मिनिटात कळतं. लहान होण्यासाठी नटाला काही चढवावं लागत नाही, अंगावरचं उतरवावं लागतं. सातत्यानं दुसऱ्याच्या जागी जाण्याची सवय असलेल्यालाच हे जमतं. एक मनोविकारतज्ज्ञ या नाटकाकडे का ओढला गेला, हे मला इथे समजतं. ऐकून न घेतलेली मुलं मोठी होऊन त्याच्याच खोलीत येऊन बसतात. १९९३च्या किल्लारी भूकंपानंतर आगाशे तिथल्या लोकांच्या मानसिक आरोग्याच्या कामात होते. ढिगाऱ्यातून वाचलेल्या माणसापुढे बसणं आणि नटानं समोरच्या नटाचं वाक्य पुरतं ऐकणं, या दोन्हीत कान एकच असतो.

आता पुन्हा बसा. शेवटचं दृश्य.

‘अस्तु’. सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा चित्रपट. निवृत्त संस्कृत पंडित चक्रपाणी शास्त्री, स्मृतिभ्रंश झालेले. मुलगी त्यांना गाडीत बसवून कामापुरती उतरते. रस्त्यावरून हत्ती जातो. शास्त्रीबुवा हत्ती बघतात, गाडीतून उतरतात आणि त्याच्या मागे चालू लागतात. मुलगी परत येते तेव्हा गाडी रिकामी.

त्या चालण्याकडे बघा. म्हाताऱ्याची चाल आहे, पण तिच्यात भीती नाही, आठवणींचं ओझं नाही. चेहऱ्यावर जे होतं ते सगळं, विद्वत्ता, घरातला दरारा, बापपण, उतरलेलं आहे. पुढे माहुताची बायको चन्नम्मा त्यांना पोरासारखं सांभाळते. अमृता सुभाष यांना त्यासाठी सहाय्यक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्या दोघांच्या दृश्यांत कोण मुख्य आणि कोण दुय्यम हे ठरवता येत नाही. ती भरवते, ते खातात. ग्रिप्समध्ये मोठ्या नटांनी लहान होण्याची जी रीत धरली, ती इथे आयुष्याच्या दुसऱ्या टोकाला उपयोगी पडली. मात्र ‘सद्गती’तला जेवून आडवा झालेला पंडित आणि हा भरवून घेणारा शास्त्री एकाच देहात राहून गेलेत, हे ध्यानात घ्या. दोघंही शास्त्र जाणणारे. एकाला दारातला माणूस दिसला नाही. दुसऱ्याला शास्त्र विसरल्यावर दिसला.

या दोघांना मनात समोरासमोर बसवा. काही बोलू देऊ नका. बराच वेळ.

आणि मग स्वतःकडे या. तुमच्या मुलीच्या गोष्टीत तुम्ही कोण आहात? भावाच्या गोष्टीत? शेजारच्या वहिनींच्या, कचेरीत समोर बसणाऱ्याच्या? तिथे तुमची दोन-चार दृश्यंच आहेत. कुठे तुम्ही पाठीवर पाय ठेवणारे असाल, कुठे भिंतीतला एक, कुठे भरवणारे. ती दृश्यं एकेक करून आठवा, आणि प्रत्येकात तुमचे डोळे कुठे होते ते तपासा. समोरच्याकडे, की आपण कसे दिसतोय याकडे? उत्तर लगेच नको. चांगल्या नटालाही तालमीत हे बरेच दिवस सापडत नाही.

‘अस्तु’ पूर्ण व्हावा म्हणून आगाशे निर्मितीतही उतरले. नंतर तो घेऊन ते ठिकठिकाणी गेले, खेळ संपल्यावर लोकांपुढे बसले. तिथे सिनेमाबद्दल प्रश्न येतात, तसे घरच्या म्हाताऱ्या माणसांबद्दलही येतात, आणि उत्तर द्यायला समोर नट आणि डॉक्टर एकाच खुर्चीत असतो. नाव विचारलं की घाबरणाऱ्या वडिलांना काय सांगायचं, चिडलेल्या आईशी कसं बोलायचं. तुमच्याही घरी कुणी असं असेल. आज घरी गेल्यावर त्यांच्यापुढे बसा. तुम्ही कोण हे ओळखायला लावू नका. त्यांना आज जो कुणी हवा असेल, भाऊ, मास्तर, गावचा पोस्टमन, ती भूमिका घ्या आणि ते बोलतील ते शेवटच्या शब्दापर्यंत ऐका.